इसेमुरा-सानचा उजेड

ही गोष्ट मी रचलेली नाही. रचता आली असती, तर वडिलांची अब्रू तरी वाचवली असती.

१९६० सालचा हिवाळा. क्योतोतला आमचा स्टुडिओ, भर दुपार. माझे वडील, कुरामोची तेइझो, तिथले नावाजलेले कॅमेरामन. मी तिथेच कपडेपटात होते.

आमच्याकडे कॅमेरा एकाचा, दिवे दुसऱ्याचे. वडिलांच्या सिनेमांतला उजेड इसेमुरा-सानचा. छताजवळच्या फळ्यांवर चढून ते एकेक दिवा लावायचे. कौतुक मात्र वडिलांचं व्हायचं, आणि वडील ते गपगुमान खिशात घालायचे.

इसेमुरा-सान वारले. त्यानंतरचा हा पहिला शॉट.

वडिलांनी कॅमेऱ्याला डोळा लावला.

"हातानो, डावीकडचा दिवा जरा मंद कर."

नवा दिवेवाला हातानो वरून ओरडला, "कुठला डावीकडचा? तिथे दिवाच नाही, मास्तर! चष्मा बदला!"

सगळे हसले. वडील हसले नाहीत.

मी वर पाहिलं. खरंच, तिथे नुसता अंधार...

"बघ गं जरा," वडील मला म्हणाले.

मी कॅमेऱ्यातून पाहिलं... नटीच्या त्या बाजूच्या गालावर मऊ उजेड. तसा उजेड एकच माणूस पाडायचा.

दुसऱ्या दिवशी धुतलेली फिल्म पाहायला सगळे जमलो. पडद्यावरही तो उजेड होता! हातानो पांढराफटक पडला.

स्टुडिओचे मालक ओरिकासासाहेब मात्र खूश. "वा, कुरामोची-सान! लोक म्हणत होते, इसेमुरा गेला, आता यांचं संपलं. पण उजेड तुमचाच होता तर!"

मागून कुणीतरी खाकरलं... इसेमुरा-सान वरून खाकरायचे, अगदी तसं.

मी वळले. मागची खुर्ची रिकामी.

बाबा, आता तरी बोला हो. एकदा तरी त्यांचं नाव घ्या.

वडील उठले. कमरेत वाकले.

"आपली कृपा," म्हणाले.

आणि... पडद्यावरचा तो उजेड विझला. नटीचा अर्धा चेहरा काळाठिक्कर.

फिल्म पुन्हा लावली. काळाच.

त्यानंतर वडिलांनी जे जे टिपलं, त्यात चेहऱ्याची एक बाजू काळी. कितीही दिवे लावा. शेवटी स्टुडिओने त्यांना घरी बसवलं.

अजून लोक भेटतात. "काय उजेड होता तुमच्या वडिलांचा!"

शरमेनं माझी मान खाली जाते. "तो इसेमुरा-सानचा होता," मी दरवेळी सांगते.

लोक कौतुकानं हसतात. "किती नम्र! अगदी वडिलांवर गेलात."

मग घरी परतताना माझ्या शेजारून कुणीतरी तसंच खाकरत चालत असतं... तिकडे पाहायला मला तोंड नाही.