सहकर्जदार बाई

ही ऐकीव गोष्ट नाही. रत्नमाला माझी सख्खी मामेबहीण. कीर्तन संपल्यावर, मंडपात वीणेसमोर बसून तिनं मला हे सांगितलं. तिथं बसून आमच्याकडे कोणी खोटं बोलत नाही.

गाव शिरपूर जैन. मार्गशीर्षातला गुरुवार.

रत्नमाला ही फुलचंदची दुसरी बायको. पहिली गोकर्णा, तापानं गेली. रीतीप्रमाणे रत्नमालाच्या गळ्यात सवतीचा टाक होता... गोकर्णाच्या नावाचा चांदीचा इवला पत्रा. नवं लुगडं आधी त्याला दाखवायचं, मग आपण नेसायचं.

मेलेली बाई, पण मान तिचा पहिला!

रत्नमालाला हेच खुपायचं.

घरही लोक गोकर्णाचंच म्हणायचे. तिनं आणि फुलचंदनं मिळून कर्ज काढून बांधलेलं. कर्ज फिटलं, पण बँक घराचे कागद देईना. म्हणे, सहकर्जदार बाईंना समक्ष आणा.

"मेलेल्या बाईले कुठून आणू?" फुलचंद वाशीमला ग्राहक आयोगात भांडला.

जिंकला.

आता कागद हाती आले की घरावर रत्नमालाचं नाव चढणार होतं.

त्या गुरुवारी बँकेत कागद आणायला निघताना तिनं टाक काढला आणि तांदळाच्या डब्यात टाकला.

"आता घर माह्यं," ती पुटपुटली. "तू राह्य तिथंच."

बँकेत एजाज नावाचा नवा कारकून कागदांचा लिफाफा घेऊन आला. हसत म्हणाला, "काका, सहकर्जदार बाईले पह्यलेच आणलं असतं, त कोर्टात कायले जा लागलं असतं?"

"हे त माही दुसरी..."

"या बाईचं नाही म्हणत मी. बाकड्यावर बसल्या ना, त्यायचं. नाव विचारलं, त गोकर्णाबाई म्हणे."

बाकडं रिकामं होतं...

फुलचंद घाबरला नाही. नुसता त्या बाकड्याकडे बघत राहिला. असं बघणं रत्नमालाच्या वाट्याला कधी आलं नव्हतं.

"चाला ना आता! तिथं काय ठेवलं हाय?"

एसटीत तो खिडकीला चिकटून बसला. मध्ये एका माणसाची जागा सोडून.

"सरका न इकडं."

"हाव," तो म्हणाला.

सरकला नाही.

दिवेलागणीला घरी पोचले. रत्नमालानं कुलूप काढलं, दार ढकललं.

उघडेना.

आतून कडी होती...

घरात कोणी नव्हतं. दुसरं दारही नव्हतं.

तिनं दार वाजवलं. आत बांगड्या किणकिणल्या... काम टाकून बाई उठावी तशा. पावलं दाराशी आली.

"कोण हाय?"

रत्नमाला ओरडली, "मी! या घरची मालकीण!"

पावलं परत फिरली...

तेव्हा फुलचंद पुढे झाला. दाराला गाल लावून हळूच म्हणाला,

"मी हाओ, गोकर्णे. उघड."

कडी निघाली.

आत कोणीच नव्हतं.

घर आज रत्नमालाच्या नावावर आहे. परवा कीर्तनाचा प्रसाद द्यायला गेलो, तर ती अंगणात भेटली. दार सताड उघडं. तरी ती उंबऱ्याशी थांबली.

"येऊ का वं, बाई?" तिनं आत विचारलं.

मला काहीच ऐकू आलं नाही.

तिनं मान डोलावली, पाय आत टाकला आणि वळून मला म्हणाली,

"या ना दादा. तुमाले बी या म्हणून राह्यली ते."

प्रसाद मी ओट्यावरच ठेवला...