कासवाची पोटफळी

दामाजीचा उजवा बूट जाळ्यात अडकला तेव्हा सकाळचे नऊ वाजले होते, वार मंगळवार होता आणि शनिवारी दुपारी बारापर्यंत त्याला एक शब्द हवा होता. एकच. तोही कासवाच्या पोटाचा.

ठाण्याच्या चेंदणी कोळीवाड्यात खाडीच्या काठाने जाळी वाळत पसरली होती. दामाजी हातातला कागद वाचत चालला होता. बुटाच्या टाचेचा खिळा जाळ्यात घुसला, त्याने पाय उपटला आणि टर्रकन आवाज झाला.

"थांबा!"

जाळ्याच्या दुसऱ्या टोकाला एक मुलगी बसली होती. दातांत धरलेली लाकडी सुई तिने हातात घेतली आणि त्याच्याकडे असं पाहिलं, की मार्गशीर्षातल्या त्या गार वाऱ्यातही दामाजीचे कान तापले.

"डोळे हायत ना मास्तर? का ते बी कागदात गुंडाळून ठेवलेत?"

"माफ करा... माझं लक्ष—"

"माफ करून भोक बुजतं का? बसा. हे टोक धरा. घट्ट!"

दामाजी बसला. कामावरच्या मालकांनी दिलेले जुने विलायती बूट, धुतलेला कोट आणि मांडीवर ओलं जाळं. ती त्याच्याकडे न बघता गाठी मारत होती. सुई वर जाई, खाली येई, आणि दर गाठीला तिच्या हातातल्या हिरव्या बांगड्या एकदाच किणकिणत. तो बांगड्या मोजायला लागला, मग स्वतःवरच चिडून त्याने विचारलं, "कासवाच्या पोटावर जे कवच असतं, त्याला तुमच्यात काय म्हणतात?"

सुई थांबली.

"काय?"

"कासवाचं पोट. खालची बाजू. तिचं नाव."

"जाळं फाडलंत आनि आता कासवाचं पोट विचारता?" ती म्हणाली. "घरचे एकटं सोडतात तुम्हाला?"

प्रश्न रास्त होता. दामाजी तलावाकाठच्या एका छापखान्यात मुद्रितं तपासायला होता. मुलांसाठी प्राण्यांचं एक पुस्तक तिथे छापून होत आलं होतं. उरली होती शेवटची शब्दांची यादी: शब्द, त्याचा अर्थ आणि त्याचा उपयोग, म्हणजे तो वापरलेलं एक वाक्य. कासवाच्या पोटाला भाषांतरकारांनी 'उदरतलकवच' लिहिलं होतं. छापखान्याचे मालक त्र्यंबकराव तो शब्द मोठ्याने वाचताना दोनदा अडखळले आणि चष्मा काढून म्हणाले, "दामाजी, तू कोळी ना? तुझ्या लोकांचा शब्द आण. लोकांच्या तोंडी असलेला. शनिवारी बारा वाजता शेवटच्या पानांचा फर्मा यंत्रावर चढेल."

नोकरी मागायला आला तेव्हा दामाजीनेच छाती फुगवून सांगितलं होतं, की खाडीतल्या एकूणएक वस्तूंची नावं आपल्याला पाठ आहेत. त्या एका वाक्यावर त्याला जागा मिळाली होती. खरं असं होतं, की तो सात वर्षांचा असताना कल्याणला मामाकडे शिकायला गेला. मामा रेल्वेत सांधेवाला होता. दामाजीला रूळ, कंदील आणि शिट्ट्या पाठ होत्या. खाडी त्याने आगगाडीच्या खिडकीतून पाहिली होती. शनिवारी शब्द आला नाही, तर ही थाप उघडी पडणार होती आणि थापेवर मिळालेली जागा थापेसकट जाणार होती.

"मी कोळीच आहे," तो हळूच म्हणाला.

"कोळी?" तिने त्याच्या बुटांकडे पाहिलं, मग पालथ्या धरलेल्या जाळ्याच्या टोकाकडे. "कुठल्या खाडीतला?"

तिचं नाव मंजुळा. महिपत कोळ्याची मुलगी. घरात भाऊ नव्हता, म्हणून जाळी तीच सांभाळायची, आणि आलेली दोन स्थळंही तिनेच परतवली होती. हे सगळं दामाजीला तिने सांगितलं नाही. शेजारणीने सांगितलं, न विचारता.

बुधवारी तो दारोदार फिरला. वही, पेन्सिल, तोच प्रश्न. पाठीच्या कवचाला सगळ्यांनी 'ढाल' सांगितलं, पायांना 'वल्ही' सांगितलं. पोटाचं विचारलं की लोक एकमेकांकडे बघत. एकाने "पोट" सांगितलं. दुसऱ्याने "कासवालाच विचारा" सांगितलं. भागीरथी नावाच्या म्हातारीला वाटलं, पोराचं पोट रिकामं आहे. तिने वाडगाभर भात आणि सुकटीचं कालवण पुढे ठेवलं. तो जेवला. शब्द मिळाला नाही.

गुरुवारी त्याने महिपतलाच गाठलं. महिपत होडीच्या सांध्यांत कापूस ठोकत होता. त्याने शांतपणे सगळं ऐकून घेतलं.

"जाळ्यात कासव आलं, तर त्याला हळद-कुंकू लावायचं नि पाण्यात सोडायचं," तो म्हणाला. "उलटं करायचं नाय. देवाला कोन उलटं करतं? पोट आमी कवा बगितलंच नाय, तर त्याला नाव कशाला ठेवू?"

दामाजी वाळूत मटकन बसला. तीन दिवस! तीन दिवस तो जो शब्द शोधत होता, तो नव्हताच. मंजुळा पलीकडे टोपलीत बोंबील भरत होती. तो उठून तिच्यासमोर जाऊन उभा राहिला.

"हे तुम्ही मंगळवारीच का नाही सांगितलंत?"

"तुमी नाव काय, ते विचारलंत. नाव हाय का, ते कवा विचारलंत?"

"अहो, पण—"

"अहो-बिहो नको. सरका, माझ्या बोंबलांच्या उन्हात उभं ऱ्हायलात."

"मी जातो दुसऱ्या गावाला! तिथे कोणीतरी कासव उलटं करून दाखवेल."

तिचा हात टोपलीतच राहिला. चेहऱ्यावरचा खट्याळपणा गेला. "जा," ती म्हणाली. "त्याला उलटं टाकलं, की ते नुसते हातपाय मारतं. सुलटं होता येत नाय त्याला. ते बगा, लिवून घ्या नि छापा."

तो कोळीवाड्याच्या वेशीपर्यंत गेला. तिथे थोडा वेळ उभा राहिला. मग खोलीवर परतला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा चेंदणीलाच आला. का, ते त्याने स्वतःलाही नीट सांगितलं नाही. एवढंच, की या वेळी त्याने बूट घातले नव्हते.

शुक्रवारी सकाळी महिपतच्या जाळ्यात कासव आलं होतं.

परातीएवढं, हिरवट राखाडी. भागीरथीने त्याला हळद-कुंकू लावलं होतं. काठावर आठ-दहा माणसं जमली होती. ओहोटी लागली होती, पाणी परत चढलं की त्याला सोडायचं होतं. दामाजी कासवाकडे बघत उभा राहिला. बोंबील वाळवायच्या बांबूंच्या मांडवाकडे त्याची नजर गेली. पुन्हा कासवाकडे.

"महिपतकाका, कासव उलटं करायचं नाही. पण माणूस उलटा केला तर?"

महिपतने बराच विचार केला. "मानसाचं आमच्यात काय सांगितलेलं नाय," तो म्हणाला.

मांडवाच्या दोन बांबूंमध्ये ओलं जाळं ताणून बांधलं. दोघांनी कासव अलगद उचलून, जसं होतं तसं, सुलटंच जाळ्यावर ठेवलं. कोट काढून, वही छातीवर घेऊन दामाजी जाळ्याखालच्या चिखलात उताणा झोपला. चिखल बर्फासारखा गार होता. पाठीतून शिरशिरी गेली. काठावर कुणीतरी खो खो हसलं.

"दिसतं का?" मंजुळाने विचारलं. जाळ्याचा एक कोपरा तिने धरला होता.

"दिसतं..." त्याच्या कपाळावर जाळ्यातून पाणी ठिबकत होतं. "पिवळसर आहे. सपाट. मधोमध उभी शिवण आणि दोन्ही बाजूंना चौकोनी तुकडे, एकाला एक लावलेले. सहा... हलू नका. बाजूला, वरच्या ढालीला जिथे जोडलंय, तिथे बारीक भोकं आहेत. टाचणीने पाडल्यासारखी."

"भोकं तुम्हाला बरी दिसतात!"

त्याने नजर वळवली. कासवाच्या पोटाच्या कडेला, जाळ्याच्या चौकटीतून तिचा चेहरा वाकून खाली बघत होता. केसांची एक बट सुटून लोंबत होती, गालाला हळद लागलेली होती. दामाजी तुकडे मोजायचे विसरला. ती बघतच राहिली. मग तिच्या लक्षात आलं... आणि तिने बट कानामागे टाकली.

"सपाट म्हनता," ती घाईने म्हणाली. "तुकडे जोडलेले म्हनता. मंग ती फळीच की! होरीच्या तळाला नसतात का फळ्या, तशी. पोटफळी."

"काय म्हणालात?"

"पोटफळी."

कासवाने एक वल्हं मारलं आणि दामाजीचं तोंड भिजलं.

"पण हा शब्द तुमच्यात चालतो का?" खारट पाणी थुंकत तो म्हणाला. "लोकांच्या तोंडी हवा. उपयोग दाखवावा लागतो!"

"देवा!" मंजुळाने आभाळाकडे पाहिलं. "नाव नव्हतं, तर नाव पायजे. नाव दिलं, तर उपयोग पायजे. ह्या मानसाला भरतीत तसाच ठेवा रे!"

पण उपयोग आपोआप सुरू झाला. तो उठून कपडे झटकतो, तोच भागीरथीने लांबून हाक मारली, "काय रे पोरा, गावली का पोटफळी?" दामाजीने वहीत नोंद केली: भागीरथी, वय साठच्या पुढे. दुपारी कासव पाण्यात सोडताना महिपत म्हणाला, "हळू, पोटफळी खडकाला घासंल." संध्याकाळी मासळी विकून परतणाऱ्या बायका त्याच्या पाठीवरचा चिखल बघून एकमेकींना कोपरं मारत होत्या. "ही बग, पोटफळी चालली!" हा उपयोग छापण्याजोगा नव्हता. तरी त्याने तो लिहून घेतला.

शनिवारी साडेअकराला तो त्र्यंबकरावांसमोर उभा राहिला.

"पोटफळी," त्र्यंबकरावांनी वाचलं. न अडखळता. "वा. कधीपासून वापरतात हा शब्द?"

'वाडवडिलांपासून' एवढं म्हटलं की काम झालं असतं. दामाजीने वही मिटली.

"काल सकाळपासून. मालक, मला खाडीतलं काहीच ठाऊक नव्हतं. मी थाप मारली होती. त्यांच्यातही शब्द नव्हता. एका मुलीने दिला."

त्र्यंबकरावांनी त्याच्या बिनबुटांच्या पायांकडे पाहिलं.

"किती जण वापरतात?"

"तेरा. मोजलेत."

"आणि उदरतलकवच किती जण वापरतात?"

"दोन. भाषांतरकार आणि आपण."

"मी वापरत नाही, मला म्हणता येत नाही," त्र्यंबकराव म्हणाले. "हाच लाव. आणि थापेबद्दल महिनाभर आठच्या ऐवजी सातला ये."

त्यानंतर दर रविवारी दामाजी चेंदणीला जाळ्याचं टोक धरायला जाऊ लागला. त्या फाटलेल्या जाळ्याची दुरुस्ती संपत नव्हती. एक बाजू झाली, की मंजुळाला दुसरी सैल दिसायची. तीन महिने झाले. "एका भोकाला तीन महिने?" महिपत वैतागून विचारायचा आणि मंजुळा पुढची गाठ मारायची.

चैत्रात पुस्तक बांधून आलं. दामाजी ते कोटाच्या आत घालून घेऊन आला. मंजुळाला वाचता येत नव्हतं. त्याने शेवटचं पान उघडून तिचं बोट शब्दावर ठेवलं आणि वाचलं:

"पोटफळी : कासवाच्या पोटाकडील सपाट कवच. उपयोग : चेंदणीस एका कोळणीनें पोटफळी दाखविण्याकरितां एका मनुष्यास चिखलांत उताणें निजविलें."

ती हसली, अगदी डोळ्यांत पाणी येईपर्यंत. मग एकदम थांबली.

"एका कोळणीने? नाव नाय तिला?"

"मालक म्हणाले, बाईचं नाव छापायचं तर पूर्ण छापावं. अमक्याची मुलगी किंवा तमक्याची बायको. मी म्हटलं, राहू दे."

"का? महिपतची पोर छापायला लाज वाटली?"

"लाज कसली! पुस्तक पुष्कळ वर्षं चालतं. पुढे चूक ठरेल असं काही मी छापत नाही."

बांगड्या वाजायच्या थांबल्या. "चूक कशी ठरंल?"

"तोवर तुमचं... तुम्ही..." मुद्रितातली प्रत्येक चूक पकडणाऱ्या दामाजीला पुढचं वाक्य जुळवता येईना. आणि मग सात वर्षांचा असताना मागे ठेवून गेलेली बोली कुठूनशी वर आली, 'मला'चं 'मना' झालं. "तूच सांग ना गो मना... काय छापू?"

मंजुळाने त्याच्याकडे पाहिलं. तिचं बोट अजून शब्दावरच होतं, आणि त्याचंही.

"पुस्तक पुन्हा छापतात का?"

"खपलं तर."

"मंग तवा छाप. दामाजीची बायको." तिने मान खाली घातली. "आनि तो मनुष्य कोन, त्याचं बी छाप. मंजुळाचा नवरा."

दारातून महिपतचा आवाज आला. "अगो मंजुळे! ते भोक बुजलं का नाय अजून?"

"बुजलं बा!" ती ओरडली. "पन टोक धरायला मानूस कायमचा लागंल!"