लिफ्टमध्ये अडकलेली न्याहारी

लिफ्टमध्ये अडकलेला माणूस आधी सगळी बटणं दाबतो, मग देवाला हाक मारतो. दोन्हींचा लिफ्टवर काडीचाही परिणाम होत नाही. त्या रविवारी सकाळी अडकलेल्या माणसाने मात्र यातलं काहीच केलं नाही. लिफ्टमधला फोन गच्चीवरच्या मशीनच्या खोलीत खणखणला, तक्रारीवरून नुकत्याच तिथे पोचलेल्या तिने तो उचलला, आणि पलीकडून एक शांत, जरासा ओशाळलेला आवाज आला.

"जरा लवकर होईल का? दूध आणि अंडी आहेत."

"आत किती जण आहात?" तिने विचारलं.

"मी एकटाच. आणि पाव."

ती लिफ्टची मेकॅनिक होती. खरं तर त्या रविवारी तिची पाळी नव्हती. सहकाऱ्याची दाढ ठणकत होती म्हणून तिने ती घेतली होती. आता दुसऱ्याच्या दाढेतून आपलं नशीब उगवेल, असं कुणाला सांगितलं तरी पटलं नसतं. तिला तर मुळीच नाही. ती खटके, तारा आणि स्वतःचे हात एवढ्याच गोष्टींवर विश्वास ठेवणारी बाई होती. कामाला कुठेही गेली की लोक तिच्या खांद्यावरून मागे बघत विचारायचे, "मेकॅनिक कुठंय?" असं बरीच वर्षं ऐकल्यावर तिने 'मला येत नाही' हे वाक्य आपल्या तोंडाला कायमचं बंद केलं होतं. येत नसेल ते ती घरी जाऊन शिकायची. पण म्हणायची नाही.

"मेन स्विच बंद केलाय," ती म्हणाली. "आता हाताने चाक फिरवून तुम्हाला मजल्यावर आणते. हळूहळू येईल. घाबरू नका."

"हे वाक्य मी रोज वीस जणांना म्हणतो," तो म्हणाला. "पोहायला शिकवतो मी."

"मग आता स्वतःलाही सांगा की."

"सांगतोय. विद्यार्थी ऐकत नाहीये."

तिला हसू आलं. फोन तिने मान आणि खांद्याच्या मध्ये धरला आणि चाकाला हात घातला. अडकलेल्या माणसाला बोलतं ठेवायचं, असा कामाचा नियमच होता. एरवी हा नियम ती हवापाण्यावर निभावून न्यायची. आज मात्र तिने मनापासून विचारलं, "अंडी, दूध आणि पाव घेऊन सकाळी सकाळी कुठे निघाला होतात?"

"वरच्या काकूंच्या ओव्हनकडे. ट्रे आहे हातात. फ्रेंच टोस्टचं कॅसरोल. पावाचे तुकडे, त्यावर अंडी, दूध, साय, साखर, दालचिनी… रात्रभर फ्रिजमध्ये मुरवलंय. आता पाऊण तास भाजायचं की झालं."

"वाढदिवस आहे कुणाचा?"

"नाही." तो थांबला. "परीक्षा आहे. माझी."

मग चाकाच्या एकेका फेऱ्यागणिक त्याने सगळं सांगितलं. आई मागच्या वर्षी गेली. घरात तो आणि बाबा. मोठ्या ताईचं म्हणणं, बाबांनी आता आपल्याकडे राहायला यावं, कारण इथे हे दोघे बिस्किटांवर जगतात.

"आरोप खोटा आहे का?" तिने विचारलं.

"नाही ना. तीच तर पंचाईत आहे. ताई चांगली आहे, घर मोठं आहे, बाबांना तिथे काही कमी पडणार नाही. फक्त त्यांना जायचं नाहीये. आणि तिला दुखवायला नको म्हणून ते तसं बोलत नाहीत. शेवटी ताईच म्हणाली, 'एकदा आम्हा सगळ्यांना घरी केलेली गरम न्याहारी पोटभर घाल, मी पुन्हा विषय काढणार नाही.' नऊला येतेय. भावोजींना घेऊन."

"आणि तुमचा ओव्हन?"

"आजच मेला. बाबांना तो कुणीतरी भेट दिला होता, कधी वापरलाच नव्हता. सकाळी लावला तर थंडगार."

"आतला दिवा लागला?"

"नाही."

"तापमानाचं बटण फिरवलंत?"

"एकशे ऐंशीवर."

"आणि टायमरचं?"

फोनवर खरखर झाली. "ते… वेळ संपली की घंटा वाजवायला असतं ना?"

"ते फिरवल्याशिवाय बरेचसे ओव्हन सुरूच होत नाहीत."

आता मात्र लिफ्टमध्ये इतकी शांतता पसरली, की तिला काळजी वाटली. "अहो, आहात ना?"

"असून उपयोग काय," तो म्हणाला.

ती इतकी हसली, की चाक सोडून तिला भिंतीला टेकावं लागलं. इतक्या वर्षांत तिने रडणारे अडकलेले पाहिले होते, भांडणारे पाहिले होते, एकजण तर आत निवांत घोरत होता. पण अडकलेल्या माणसामुळे आपल्याच पोटात दुखेपर्यंत हसण्याची वेळ तिच्यावर प्रथमच येत होती. उरलेले फेरे तिने जरा सावकाशच फिरवले. कशाला, ते तिने स्वतःला विचारलं नाही.

तिसऱ्या मजल्यावर येऊन तिने किल्लीने दार उघडलं.

आवाजावरून तिने मनात एक गोलमटोल गृहस्थ उभा केला होता. समोर निघाला तो उंच, पाण्याने आणि उन्हाने भुरे झालेले केस, टॉवेलात गुंडाळलेला ट्रे तान्ह्या बाळासारखा छातीशी धरलेला, आणि डाव्या कानाच्या पाळीला दालचिनी लागलेली. दालचिनी कानापर्यंत कशी पोचते, हा प्रश्न तिला पडला. विचारण्याऐवजी ती नुसती बघत राहिली. तोही बघत राहिला. दोघांच्या मध्ये दुधाचा आणि व्हॅनिलाचा वास दरवळत होता.

"जड आहे का?" शेवटी तिने विचारलं.

"माझ्या अब्रूइतकं."

"मग एका बाजूने मी धरते. काकूंकडे नाही, तुमच्याकडेच चला. ओव्हन बघू."

कंपनीच्या नियमांत हे बसत नव्हतं. ते बसवत बसायला तिला वेळ नव्हता.

दुसऱ्या मजल्यावरच्या त्या घरात बाबा जेवणाच्या टेबलाशी इस्त्रीचा सदरा घालून बसले होते. निकाल ऐकायला आल्यासारखे.

"आलास? वरच्या बाईंनी नाही म्हटलं?"

"बाबा, लिफ्ट अडकली होती. या लिफ्टच्या मेकॅनिक."

बाबांनी तिच्या खांद्यावरून मागे पाहिलं नाही. सरळ तिच्याकडे बघून म्हणाले, "बसा. याला जरा समजावा. म्हणतो, कॅसरोल भाजायचंय. कॅसरोल म्हणजे गरम ठेवायचा डबा ना? डबा कसला भाजतोस?"

तिने ओव्हनचं टायमरचं बटण फिरवलं. दिवा लागला. ओव्हन गुरगुरला.

"एवढंच होतं?" बाबा म्हणाले.

"एवढंच होतं," मुलगा म्हणाला, आणि त्याचे कान दालचिनीच्या रंगाचे झाले.

लिफ्ट दुरुस्त करायची राहिलीच होती. दाराचा एक खटका झिजला होता. ती वर गेली, तो बदलला, लिफ्ट खालीवर करून पाहिली. काम चोख झालं. नंतर पेटी आवरताना लक्षात आलं, की पाना त्या घरात राहिलाय. हत्यार विसरण्याची ही तिची पहिलीच वेळ. जिना उतरताना तिने स्वतःला बजावलं, पाना घ्यायचा आणि निघायचं. बजावणी ठीक होती. फक्त दुसऱ्या मजल्याचा जिना सगळा खमंग वासाने भरला होता, आणि वासापुढे बजावणीचं काय चालतं.

"बरं झालं आलात," दार उघडत तो म्हणाला. "वर तपकिरी झालंय. म्हणजे भाजलं की जळलं?"

"मला काय विचारता?"

"तुम्हाला सगळं येतं असं वाटतं, म्हणून."

हे असं कुणी तिच्याकडे बघून म्हणालं, की एरवी ती नुसती मान हलवायची. आज तिने हात पुढे केला. ती म्हणाली, "फडकी द्या. ट्रे धरते, तुम्ही दार धरा."

आणि ती फडक्यांत ट्रे धरून वळते न वळते तोच ताई स्वयंपाकघराच्या दारात.

ताईने सोनेरी झालेला ट्रे पाहिला. ट्रेमागची बाई पाहिली. भावाचे तांबडे कान पाहिले. "अच्छा," ती म्हणाली. "म्हणजे हे असं आहे."

"ताई, हे मी केलंय."

"तू? चहाचं दूध राखता येत नाही तुला."

"खरंच मी केलंय. या लिफ्ट दुरुस्त करायला आल्यात."

"लिफ्ट ओव्हनमध्ये होती का?"

मागून भावोजी काहीतरी चांगलं बोलणार होते, पण त्यांचं सगळं लक्ष ट्रेकडे होतं, आणि हातात चमचाही आला होता.

ताईने खुर्ची ओढली. आवाज मऊ केला. "हे बघा बाई, मला राग नाही. उलट आनंद आहे. इतकं सुरेख करून आणणारं कुणी याला भेटलं, तर कुठल्या बहिणीला नको असेल? पण यात बाबांचं काय? तुम्ही रोज सकाळी येणार आहात का? नाही ना? मग उद्यापासून पुन्हा बिस्किटं. बाबा, दोन दिवसांत आवरून घ्या. मी गाडी पाठवते."

बाबांनी मान खाली घातली. सदऱ्याच्या बाहीची घडी सरळ करत राहिले.

त्याने ओव्हनचं दार लावलं. रात्रभर मुरवलेलं, सकाळपासून सांभाळलेलं सगळं हातातोंडाशी येऊन निसटत होतं. आणि तेही चांगलं झालं म्हणून. तिला दिसत होतं, की ताईला पटवणारं एकच वाक्य आहे, आणि ते तिच्याच तोंडात अडकलंय. तिने ट्रे टेबलावर ठेवला.

"मला… मला स्वयंपाक येत नाही," ती म्हणाली.

"असं सगळेच म्हणतात."

"हातच्या कांकणाला आरसा कशाला? एक अंडं द्या."

त्याने अंडं दिलं. तिने ते पाना धरावा तसं धरलं आणि वाडग्याच्या काठावर पूर्ण आत्मविश्वासाने हाणलं. अर्धं अंडं वाडग्यात गेलं, अर्धं भावोजींच्या बाहीवर. वाडग्यातल्या अर्ध्यात टरफलाचा चुरा तरंगत होता. ती जराही न गडबडता खिशातून चिमटा काढून तो एकेक वेचायला लागली.

आधी बाबा हसले. खूप दिवस न वापरलेलं दार उघडावं तसं ते हसू करकरत आलं, आणि मग थांबेचना. डोळे पुसत ते म्हणाले, "पोरी, राहू दे. बिचाऱ्या कोंबडीने काय म्हणावं?"

ताई वाडग्याकडे बघत होती. "नाही," ती हळू म्हणाली. "हे हिने केलेलं नाही."

मग ती खायला बसली. पहिला घास घेतला. वरचा थर कुरकुरीत, आत सगळं लोण्यासारखं मऊ. दुसरा घास घेतला. ट्रेच्या कोपऱ्यातली जास्त भाजलेली कड तिने स्वतःच्या बशीत ओढून घेतली.

"आई म्हणाली असती, कड करपली," ती म्हणाली. "आणि तीच आधी खाल्ली असती." आणखी एक घास गिळून तिने विचारलं, "बाबा, तुमच्या मनात काय आहे? खरं सांगा."

"मला इथंच राहायचंय," बाबा म्हणाले. "आधीपासूनच."

"मग बोलला का नाहीत?"

"तू इतक्या मायेने नेत होतीस, की नाही म्हणायला तोंड उघडेना. आणि माझ्या जेवणाचा भार याच्यावर टाकून इथे राहायचा हट्ट धरणं बरं दिसत नव्हतं."

ताईने पदराने डोळे टिपले, मग त्याच पदराने नवऱ्याची बाही पुसली. "ठीक आहे. शब्द दिला होता, पाळते. पण अधूनमधून न्याहारीला न सांगता येणार." आणि भावाकडे बघून म्हणाली, "साखर किंचित जास्त झालीय." त्या घरात याहून मोठं बक्षीस मिळत नसावं, कारण तो खुळ्यासारखा हसत सुटला.

ट्रे रिकामा झाला. तो घासायला दोघंच स्वयंपाकघरात गेले. म्हणजे तो गेला, आणि ती पाना शोधायला. पाना समोर ओट्यावर होता. तिने त्याच्याकडे पाहून न पाहिल्यासारखं केलं आणि फडकं उचललं.

"तुम्ही माझ्यासाठी खोटं बोललात तर नाही ना?" पाणी सोडत त्याने विचारलं. "म्हणजे, अंडं मुद्दाम तसं फोडलंत?"

"नाही. मला खरंच येत नाही."

"मी शिकवीन."

"आणि मला पोहताही येत नाही."

"तेही शिकवीन." तो ट्रेची एकच जागा घासत राहिला. "पुन्हा कधी याल?"

"तक्रार आल्याशिवाय आम्हाला येता येत नाही."

"लिफ्ट तर तुम्ही नीट करून ठेवलीत."

"हो. तीच चूक झाली."

तो वळला. हात कोपरापर्यंत फेसाने भरलेले. कानाला अजूनही दालचिनी. तिने फडक्याच्या टोकाने ती पुसली. न विचारता, न लाजता, झिजलेला खटका बदलावा तितक्या सहज. मग मात्र हात तिथेच थोडा रेंगाळला.

"मला तुम्ही आवडलात," ती म्हणाली. "आणि मी हे विचार करून कळवणार नाहीये. विचार झालेला आहे."

"मला तर…" तो म्हणाला. "मला तर तुम्ही दिसायच्या आधीपासूनच—"

"ऐकू येतंय सगळं," बाहेरून ताईचा आवाज आला. "आधी भांडी घासा."

"घासू दे गं हळूहळू," बाबा म्हणाले.

तिने हात पुढे करून नळ पूर्ण सोडला. त्यानंतर तो जे म्हणाला, ते फक्त तिलाच ऐकू गेलं.