चारच्या गाडीत सगळे उठले

खोटं सांगून मला काही मिळायचं नाही. ज्या एसटीत हे घडलं, ती आजही समुद्रपूरकडच्या त्या गावातून वर्ध्याला जाते.

गेल्या वर्षीचा मार्च. मंगळवार, दुपारचे चार. रात्र नव्हती, लख्ख ऊन होतं.

सुरभी माझी मावसबहीण. तिचे वडील बापूराव. सरपंचाच्या खुर्चीवर नाव कुणाचंही असो, राज्य त्यांचंच. ते आले की दोनदा खाकरायचे. खाकरणं ऐकलं की सगळ्यांनी उठायचं, अगदी भरल्या ताटावरून! सहा वर्षांची असताना सुरभीला उठायला उशीर झाला, तर दिवसभर उन्हात उभं केलं होतं.

पुढे त्यांनी तिची चार स्थळं मोडली. नोकरीचे दोन कागद फाडले.

तिसरा कागद आला आणि बापूरावच गेले. वर्ध्याला नर्सची जागा. बुधवारी सकाळी हजर व्हायचं, नाहीतर जागा गेली.

तेरवी उरकली. मावशीने पिशवी भरून दिली.

"जाय बाई. आता कोनाले भ्याचं?"

गाडी गावच्याच माणसांनी भरलेली. शीव जवळ आली तसं सुरभीला रडूच फुटलं. सुटले एकदाची! आणि...

मागून कुणीतरी खाकरलं.

दोनदा.

तिच्या मागची तेवढी एकच सीट... रिकामी होती.

कळायच्या आत ती उभी राहिली होती. भास असेल, म्हणून तिने मान वर केली...

सगळी गाडी उभी होती.

म्हातारी देवकाबाई. कडेवर लेकरू घेतलेली वर्षाली. सगळे.

कंडक्टर परगावचा. तो चक्रावला. "काऊन उठले सारे?"

ड्रायव्हर गावचाच. त्याने गाडी थांबवली.

देवकाबाई खाली बघत म्हणाली, "उतर माय. बापूसाहेब बोलावून राह्यले."

"ते मेले, आजी! परवाच त तुमी तेरवीले जेवल्या!" सुरभी किंचाळली. "मले जाऊ द्या. पाया पडतो तुमच्या."

कोणी बसेना. गाडी हलेना. शेवटी कुणीतरी तिची पिशवी उचलून रस्त्यावर ठेवली.

ती उतरली.

जागा गेलीच. नंतर तिनेच मला सांगितलं, "मी उतरली तवा साऱ्यांनी हात जोडले, दादा. पन माह्याकडं पाहून नाई... माह्या मागं पाहून."

ती अजून त्याच घरात आहे. तिला घेऊन यायला हवं, हे मला कळतं. पण माझी छाती होत नाही.