पलीकडच्या किनाऱ्यावरची हाक

१९३७च्या जानेवारीत ओहायो नदी आमच्या थॅचर्स लँडिंग शहरात शिरली आणि तीन आठवडे मुक्काम ठोकून बसली. पाणी ओसरल्यावर नगरपालिकेनं मला वॉटर स्ट्रीटवरच्या पडझडीची मोजणी करायला सांगितलं. मी भूमापक. फूट आणि इंच यांपलीकडे माझा फारसा कशावर विश्वास नव्हता.

त्या रस्त्यावर शहरातलं सगळ्यात जुनं घर आहे. १७८८च्या डिसेंबरात कॅप्टन थॅचर धरून चाळीस माणसं सपाट बुडाच्या नावेतून इथं उतरली. मग तीच नाव मोडून तिच्या फळ्यांचं हे घर बांधलं. पुरानं धुराडं पाडलं होतं, वरचा गिलावा सोलून काढला होता, आणि दीडशे वर्षांत पहिल्यांदाच नावेच्या ओक लाकडाच्या फळ्या उघड्या पडल्या होत्या.

एप्रिल संपत आला तरी त्या ओल्याच होत्या. शेजारच्या हास बेकरीवाल्यानं पाणी उतरल्यावर पंधरा दिवसांत भट्टी पेटवली होती. त्याच्या भिंती खडखडीत वाळल्या होत्या. मी एका फळीला गिरमिटानं भोक पाडलं. आतून पाणी आलं. गढूळ नव्हे, नितळ. जमिनीतून ओल चढत असेल, असं मी वहीत लिहिलं. मग सगळ्यात वरच्या फळीला भोक पाडलं. तिथूनही आलं.

ती ओळ मी खोडली.

हाक ऐकली ती त्याच दुपारी. नदीवर धुकं होतं. बाईचा आवाज, लांबवलेला, घसा बसलेला. "नाव आणाऽऽ!" पूल झाल्यापासून पलीकडून कुणी होडीला हाक मारत नाही. मी बाहेर रस्त्यावर आलो. काही ऐकू येईना. आत गेलो.

"नाव आणाऽऽ!"

दुसऱ्या दिवशी मी मिस ऑर्फा प्रूइट यांना घेऊन आलो. शाळेत त्या आम्हाला इतिहास शिकवायच्या. आता अडुसष्टाव्या वर्षी शहराचा इतिहास लिहीत होत्या, येत्या वर्षीच्या दीडशेव्या वाढदिवसासाठी. कालच्यासारखंच धुकं होतं. बाईंनी छत्रीवर भार टाकून बराच वेळ ऐकलं. चेहरा पांढरा पडला, पण नवल वाटलेलं दिसलं नाही.

"बाई, तुम्हाला ठाऊक होतं?"

"आवाज नव्हता ठाऊक. तिचं नाव ठाऊक होतं." त्या खिडकीला टेकल्या. "टॅबिथा रस्क. नावेत एकेचाळीस जण होते, व्हर्नन. पलीकडच्या किनाऱ्यावर ती सरपण आणायला उतरली, तेवढ्यात रानात धूर दिसला. तो मुलूख शॉनी लोकांचा, इथल्या मूळ रहिवाशांचा. कुणाच्या चुलीचाही असेल. पण कॅप्टनना हल्ल्याची धास्ती. म्हणाले, नावेचा दोर काप. ती चिखलातून धावत येत होती. सगळ्यांना दिसत होती."

"आणि कापला?"

"माझ्या पणजोबांनी. मरताना त्यांनी ते लिहून ठेवलं. आमच्या घरात ते पत्र प्रत्येक पिढीच्या हाती येतं, आणि गप्प बसायची ताकीदही."

"मग पुस्तकात लिहा ना."

"महापौर थॅचरांना विचारलं. म्हणाले, 'ऑर्फाबाई, चाळीस हा आकडा कॅप्टनांच्या पुतळ्याखाली कोरलाय. दगड काय खोडरबरानं पुसू?' मीही हसले रे त्यांच्याबरोबर. हसले!"

"नाव आणाऽऽ!"

बाई खिडकीतून वाकल्या आणि आमच्या वर्गावर ओरडायच्या त्याच आवाजात ओरडल्या, "आणतोय! थांब तिथंच!"

मला वाटलं, यांना आता घरी पोहोचवावं. त्यांनी माझी बाही धरली. "होडी आहे ना तुझी? मग बघतोस काय असा? चल."

मी वल्ही मारत राहिलो. मध्यावर दोन्ही किनारे दिसेनासे झाले. पलीकडे गुळगुळीत चिखल, वाळुंजाची झाडं, पुरात वाहून आलेलं कोंबड्यांचं एक खुराडं. माणूस नाही. चिखलावर पाऊल नाही. बाई होडीतच उभ्या राहिल्या आणि हळू आवाजात म्हणाल्या, "ये गं. उशीर झाला आम्हाला."

काहीच झालं नाही.

मी वल्हं रेटून होडी ढकलली. ती हलली नाही. पुन्हा जोर केला.

येताना होडीचा काठ पाण्यापासून वीतभर वर होता. आता चार बोटं उरला होता. मी मोजमापं करणारा माणूस. मला ते दिसलं.

बाई सरकून बसल्या. शेजारी जागा करून.

मी जड होडी वल्हवत परत आणली. धक्क्याला लागताच होडी एकदम वर उचलली गेली. आम्ही दोघं अजून उतरलोही नव्हतो.

संध्याकाळपर्यंत फळ्या वाळल्या. हाक पुन्हा आली नाही. बाईंनी त्याच आठवड्यात टॅबिथाचं प्रकरण लिहून काढलं, महापौरांना न विचारता, आणि कितीतरी वर्षांनी शांत झोप लागली म्हणाल्या. मलाही वाटलं, सुटलो एकदाचे.

जूनमध्ये एकदा आम्ही दोघं हासकडे पाव घ्यायला गेलो. उकाड्यानं जीव नकोसा झाला होता. पाव कागदात गुंडाळता गुंडाळता हास म्हणाला, "बाई, तुमच्याकडे कुणी पाहुणी येणार होती का? सकाळी एक जण रस्ता विचारत होती."

"कुठला?"

"आधी थॅचरांचं घर विचारलं. मी महापौरांचं, टेकडीवरचं दाखवलं. मग म्हणाली, प्रूइट कुठं राहतात?"

बाईंनी काउंटरची कड धरली. "सांगितलंस?"

"सांगितलं की. भली वाटली बिचारी. फक्त..." हासनं कपाळावरचा घाम पुसला. "एवढ्या उन्हात, बोलताना तिच्या तोंडातून वाफ निघत होती."