बोझेनाच्या खोलीतलं एक मिनिट

ही गोष्ट मी रचलेली नाही. रचली असती, तर निदान शेवट तरी बरा केला असता.

माझी धाकटी बहीण वल्लरी सिंगापूरला असते. घडलं ते गेल्या वर्षी, तेवीस मेला, दुपारी साडेतीनला. मरीन परेडच्या एका रिकाम्या फ्लॅटमध्ये. तिने सांगितलं तसंच सांगतो.

वल्लरी नऊ वर्षं चांगी बिझनेस पार्कच्या एका बँकेत होती. ती नोकरी सोडून ती बोझेना नावाच्या चेक बाईकडे साउंडच्या कामाला लागली. बोझेना सत्तरीची, डॉक्युमेंटरी करायची. तरुणपणी तिने कठपुतळ्यांचे कपडे शिवले. मग एडिटिंगच्या टेबलावर फिल्म कापून जोडली. मग कॅमेरा, मग दिग्दर्शन.

"एक ना धड भाराभर चिंध्या," वल्लरीचा नवरा निशिकांत म्हणायचा. "आणि तू हातचं सोडून तिच्यामागे!"

बोझेना मात्र एकदा वल्लरीला म्हणाली होती, "प्रत्येक कामाने माझं काहीतरी ठेवून घेतलं. शिवणकामाने बोटांची जाणीव घेतली. एडिटिंगने डावा डोळा."

"आणि कॅमेऱ्याने?"

"मुलगा."



मार्चमध्ये बोझेना गेली. अर्धवट फिल्म वल्लरीच्या गळ्यात पडली. तिची पहिलीच संधी. तेवीस मेला संध्याकाळी सहापर्यंत ती फेस्टिव्हलला पाठवायची होती. उरलं होतं फक्त एक मिनिट...

बोझेनाच्या खोलीची शांतता.

त्या धंद्यात तशी पद्धत आहे. सगळ्यांनी गप्प राहायचं आणि नुसत्या खोलीचा आवाज रेकॉर्ड करायचा; मग तो फिल्ममध्ये बोलण्याच्या मधल्या जागांत भरायचा.

खोलीत सामान उरलं नव्हतं. वल्लरी भिंतीला पाठ टेकून जमिनीवर बसली.

"बोझेनाची खोली. तेवीस मे," ती माइकमध्ये म्हणाली.

हेडफोनमध्ये खालची बस. शेजारचा एसी.

मग... टच्. टच्. जाड कापडातून सुई जावी तसं.

मग... कात्री.

मग... जड कॅमेरा खांद्यावर घेताना माणूस सोडतो तसा श्वास. अगदी तिच्या मानेमागे.

मागे भिंत होती. वल्लरीची पाठ अजून भिंतीलाच टेकलेली होती.

मग सगळंच थांबलं. बस नाही. एसी नाही.

काहीच नाही.

मिनिट भरलं. ती कशीबशी बिशानला घरी पोचली आणि रेकॉर्डिंग लावलं. सुई नव्हती. कात्री नव्हती. बस आणि एसी, एकदम स्वच्छ.

फक्त सुरुवातीचं तिचं वाक्य नव्हतं.

ओठ उघडल्याचा बारीक आवाज होता. शब्द नव्हते.

तिने घाबरून इकडे पुण्याला आईला फोन लावला. आईची दृष्टी गेलीये. लेकीचा रोजचा फोन, एवढाच तिचा दिवस. मी शेजारीच होतो, फोन स्पीकरवर.

"आई, मी बोलतेय."

मला खणखणीत ऐकू आलं.

"वल्लू? हॅलो?... सुबोध, हिचा आवाजच येत नाही रे."

"आई!" वल्लरी ओरडली.

"हॅलो?... कोणी बोलतच नाही."

तिकडे निशिकांतचा चेहरा उतरला होता. "वल्लरी, ते मिनिट डिलीट कर. आत्ताच्या आत्ता. खड्ड्यात गेली ती फिल्म!"

तिचं बोट माउसवर होतं. पाच चाळीस झाले होते. नऊ वर्षं ती दुसऱ्यांच्या मीटिंगमध्ये नुसती मान हलवत बसली होती.

तिने फिल्म पाठवली. त्या मिनिटासकट.

मला तिचा राग आला. अजून येतो. तिच्या जागी मी काय केलं असतं, हे मात्र मी स्वतःला विचारत नाही.

फिल्म गाजली. लगेच दुसरी मिळाली. दिवाळीत वल्लरी पुण्याला आली. सरळ आत जाऊन आईच्या पायाशी बसली.

"आई, मी आले गं."

आईला स्वयंपाकघरातला कुकर ऐकू येत होता. गल्लीतले फटाके ऐकू येत होते. दारातली माझी चाहूलसुद्धा तिला लागली.

"कोण आलंय रे, सुबोध?"

तिने हात पुढे करून चेहरा चाचपला. हसली.

"वल्लूच की! मग बोल ना गं... रागावलीयेस का माझ्यावर?"

वल्लरी बोलत होती. सारखी बोलत होती.

दहा दिवस आई तेच विचारत राहिली. आता विचारत नाही. फोन वाजला की कूस बदलते.

मला वल्लरीचा आवाज येतो. परवा बोलताना मात्र मधलं एक वाक्य गेलं...

नेटवर्क असेल. मी तिला काही सांगितलं नाही.