मोकळ्या दिवसाचे दोन चंद्र

"चोरीला गेलंय ते एक कॅलेंडर," कर्टिस आमडाल म्हणाला.

वॉल्ट डेम्बिन्स्कीने कॉफीचा मग खाली ठेवला. "बँकेत फुकट मिळतं की!"

"वॉल्ट, गप्प बस." इंगा ब्रेक्केने खुर्ची पुढे ओढली. विम्याचे खोटे दावे हुडकण्यात तिचं अर्धं आयुष्य गेलं होतं. आता ती स्वतःचा तपासाचा धंदा चालवायची, आणि निवृत्त पोस्टमन वॉल्ट तिची गाडी. "कसलं कॅलेंडर?"

"ऑर्वेनचं."

ऑर्वेन कुठल्याच नकाशात नव्हतं. हार्लन त्वेटच्या तळघरात दर शुक्रवारी चार मित्र फासे टाकून ते जग उभं करायचे. हार्लन गोष्ट पुढे न्यायचा. कर्टिस, रोलंड आणि ग्वेन तिच्यातले वीर व्हायचे. त्या जगाचे महिनेही हार्लनचेच: करवतीचा महिना, ओल्या मोज्यांचा महिना. भिंतीवर ओकच्या लाकडाची तबकडी होती; बाहेरच्या कडीवर दिवस, आतल्या कडीवर दोन चंद्र. वर्षाच्या शेवटी, कुठल्याच महिन्यात न मोडणारा एक मोकळा दिवस. दोन्ही चंद्र त्याच रात्री एकदम पूर्ण व्हायचे, आणि त्या दिवशी ऑर्वेनमध्ये कुणी मरायचं नाही.

"माझा वीर हाल्डर भाला लागून पडला," कर्टिस सांगू लागला. "मी म्हटलं, आज मोकळा दिवस आहे, मरेल कसा? हार्लनने तबकडीकडे बोट केलं. मोकळा दिवस कालच होऊन गेला होता. मी त्याला लबाड म्हणालो आणि निघून गेलो. इतकी वर्षं पुन्हा बोललो नाही. मागच्या महिन्यात तो गेला."

त्याने टोपी काढून टेबलावर ठेवली.

"परवा गाडी चालवताना एकदम आठवलं. त्या रात्री हार्लननेच सांगितलं होतं, दोन्ही चंद्र पूर्ण आहेत, बर्फावर प्रत्येकाच्या दोन-दोन सावल्या पडल्यात. मी लगेच व्हर्नाला, त्याच्या बायकोला फोन केला. म्हटलं, त्याच्या आठवणीत शेवटचा डाव ठेवलायस ना, तेव्हा मला तबकडीवरचे चंद्र बघायचेत. आज तिथे गेलो, तर भिंतीवर नुसता खिळा."

"चंद्रांचं आणखी कुणाजवळ बोललात?"

"छे. कोण ऐकणार?"

त्वेटांच्या मागच्या अंगणात गुडघाभर बर्फ होता. त्यावर पाऊल उमटलेलं नव्हतं. तळघराचं बाहेरचं दार बर्फाने पुरतं बुजलं होतं.

"म्हणजे चोर घरातूनच आला," वॉल्ट पुटपुटला.

खाली टेबल मांडलेलं होतं. काल रोलंड आणि ग्वेनने मिळूनच ते लावलं होतं. आजही दोघं तिथेच होते.

"तबकडी होती तेव्हा," रोलंड म्हणाला. तो शाळेत गणित शिकवायचा. "ती मी वाचनालयासाठी मागितली होती. व्हर्ना नाही म्हणाली. पण चोरायची? या वयात मला माझा चष्मा उचलवत नाही."

"ती फिरवायची कशी?"

"दोन्ही कड्या एकत्र धरून. दिवस सरकला की चंद्र सरकलेच पाहिजेत. आमच्यातल्या कुणालाही झोपेतून उठवून विचारा."

"एकटी कडी फिरवली असती, तर हार्लनने हात तोडला असता," ग्वेन हसली आणि लगेच गंभीर झाली. "कर्टिस डाव सोडून गेल्यावर त्याने तबकडीला हातच लावला नाही. ती त्या रात्रीवरच थांबली होती. मी म्हणायचे, अरे, फिरव की! तो विषय बदलायचा."

व्हर्ना स्वयंपाकघरात बटाटे-खिम्याच्या हॉटडिशचं भांडं ओव्हनमधून काढत होती. "मला त्यातलं काय विचारता? शुक्रवारी ही मंडळी यायच्या आधी खाली जायचं, टेबल, भिंत, सगळं फडक्याने पुसायचं आणि वर यायचं. एवढंच माझं काम."

इंगाने भांडं तिच्या हातातून घेतलं. "चला, खाली जेवू या सगळे."

जेवणं झाली तेव्हा इंगा रिकाम्या खिळ्याखाली उभी राहिली.

"त्या रात्री दिवसाची कडी म्हणत होती, मोकळा दिवस काल झाला; चंद्रांची म्हणत होती, तो आजच आहे. कर्टिसने दिवसाचा वाद घातला, हार्लनने दिवसाचीच कडी दाखवली. रागाच्या भरात चंद्रांकडे कुणी पाहिलंच नाही."

"म्हणजे हार्लनने सरकवली!" वॉल्ट म्हणाला.

"लबाडी करणारा दोन चंद्र स्वतःच्या तोंडाने सांगेल? आणि तो पुरावा जन्मभर भिंतीवर ठेवेल? खेळणाऱ्या कुणी सरकवली असती, तर दोन्ही कड्या सरकल्या असत्या. हा हात खेळ न येणाऱ्याचा होता. खेळाच्या आधी फडकं घेऊन फिरणारा."

व्हर्नाने मान खाली घातली.

"तबकडी आता काही बोलू शकते, हे कर्टिसने एकाच माणसाला सांगितलं होतं," इंगा हळू आवाजात म्हणाली. "बाकीच्यांसाठी ती नुसती जुनी आठवण होती."

"फडक्याखाली टक् असं वाजलं होतं," व्हर्ना म्हणाली. "मला वाटलं, काय एवढं! कर्टिस, तुझा फोन आला आणि मी खाली येऊन पाहिलं. तशीच ठेवली असती, तर तू म्हणाला असतास, हार्लननेच सरकवली. नीट केली असती, तर मोकळा दिवस दिसला असता, आणि तरी खोटा तोच ठरला असता. आणि खरं सांगायचं, तर... शेवटी शेवटी तो तुझंच नाव घेत होता रे कर्टिस. फडकं माझं होतं."

तबकडी कुठे आहे, तेही तिने सांगितलं. कर्टिस उठला, वर गेला. व्हर्नाच्या पलंगाखालून रजईत गुंडाळलेली तबकडी घेऊन आला आणि ती खिळ्याला अडकवली. दिवसाची कडी त्याने एक खाच मागे घेतली. दोन्ही चंद्रांच्या समोर मोकळा दिवस आला.

"तो लबाड नव्हता," कर्टिस म्हणाला. "आणि मीही हट्टी नव्हतो."

"हट्टी होतास," ग्वेन डोळे पुसत म्हणाली. "पण हाल्डर मेलेला नाही. कधीचा बर्फात पडलाय बिचारा. उठव त्याला."

"गोष्ट कोण सांगणार?" रोलंडने विचारलं. "हार्लन तर..."

"मी सांगते," ग्वेन म्हणाली. तिने हार्लनची खुर्ची घेतली आणि स्वतःची व्हर्नापुढे सरकवली. "बस. तुलाही एक वीर लागेल. नाव सुचेपर्यंत थांबतो आम्ही."

व्हर्नाने एप्रन सोडला, घडी करून बाजूला ठेवला.

"थांबू नका," ती म्हणाली. "इतकी वर्षं जिन्यावर बसून ऐकत होते मी. माझं नाव केव्हाच ठरलंय."